चिंचेवरचा गेरूचा हुकूम

आमच्या राज्यात बोलायला बंदी होती. हा कायदा मीच केला होता, कारण मला बोलायची भीती वाटायची. बारामतीला इंग्रजी शाळेत इंग्रजी चुकेल म्हणून मी गप्प. सुट्टीत आजोळी, इंदापूर तालुक्यात, माझं पुस्तकी मराठी ऐकून मामा म्हणायचा, "आली बघा बातम्या सांगणारी." म्हणून तिथंही गप्प.

राज्यात प्रजा दोन: मी आणि माझ्याहून वर्षाने लहान मामेबहीण. तिथले हुकूम फक्त खुणांनी लिहायचे. अर्धा चंद्र म्हणजे राक्षस. वाकडी रेघ म्हणजे झोप. कोंबडीचे दोन पाय म्हणजे हळू चाला. अशा चाळीस खुणा एका वहीत होत्या. खूण काढली की ती जादू त्या जागेला लागू, असं आम्ही ठरवलं होतं. तीन उन्हाळे एकही लागू झाली नव्हती, पण त्याचं आम्हाला काही वाटत नसे. नियम एकच: मोठ्या माणसाला अर्थ सांगितला, तर सगळ्या खुणा मरतील आणि राज्य बुडेल. ही शपथ आम्ही गुळाचा खडा खाऊन घेतली होती.

रस्त्याच्या कडेची चिंच हा आमच्या राज्याचा दरवाजा. तिच्याखाली बाज टाकून आबा, म्हणजे माझे आजोबा, रोज दुपारी झोपत आणि असे घोरत की शेळ्या उठून उभ्या राहत. एका दुपारी तुळशीवृंदावन रंगवून उरलेला गेरू घेऊन आम्ही चिंचेच्या बुंध्यावर हुकूम काढला. चंद्र, रेघ, कोंबडीचे दोन पाय.

तेव्हा गावात रस्ता रुंद होणार अशी बोलणी चालली होती. मोजणीवाले झाडांवर लाल खुणा करून जातात, हे आमच्या दोघींखेरीज सगळ्यांना माहीत होतं.

सकाळी चिंचेपुढं माणसं जमली. शेजारचे तात्या मोजणी खात्यात जन्मभर साखळी ओढून निवृत्त झालेले. त्यांना बोलावलं गेलं. त्यांनी चष्मा पुसला आणि झाडाभोवती एक चक्कर मारली.

"ह्यो चंद्र म्हंजे वळण. ही रेघ म्हंजे गटार."

"आन ह्यो कोंबडीचा पाय?" मामाने विचारलं.

"कोंबडी न्हाय, बाण हाय त्यो. दोन बाण म्हंजे दोन्ही अंगाला धा-धा फूट."

"म्हंजे झाड जातंय?" आबा म्हणाले.

"झाड जातंय, आबा. बाज बी जाती."

आबांनी वर फांद्यांकडे बघितलं. मग म्हणाले, "दुसऱ्यानं पाडायच्या आधी मीच पाडतो. लाकूड तरी घरात राहील." लाकूडतोड्याला दुसऱ्या दिवशी सकाळी यायला सांगितलं.

आम्ही राज्याबाहेर, गोठ्यामागं सभा भरवली.

"सांगून टाक," मामेबहीण म्हणाली.

"तू सांग."

"तू मोठी हायस."

"राज्य बुडेल."

"आन झाड गेल्यावर राज्य कुठं ठेवायचं? हौदात?"

शेवटी मी मधला मार्ग काढला. गोलात फुली म्हणजे हुकूम मागे घेतला, अशी एक खूण वहीत होती. ती उजाडताना चिंचेवर काढून आले. मोठ्या माणसांना ती आपोआप समजेल अशी माझी खात्री होती.

सकाळी ती नवी खूण बघून तात्यांनी चष्मा काढला, परत घातला.

"आबा, आता हीर बी जाती."

"अगं बाई!" मामीने हातातली कळशी खाली ठेवली. "मग पाणी कुठनं आणायचं?"

तेवढ्यात लाकूडतोड्या आला. त्याने सायकल चिंचेलाच टेकवली आणि करवतीचं फडकं सोडायला लागला. ते सुटत असताना मला माझाच आवाज ऐकू आला.

"ती मोजणी नाहीये. ते मी लिहिलंय."

सगळे वळले. माझा एवढा मोठा आवाज घरात कुणी ऐकलेला नव्हता.

"बातमी खरी हाय का?" मामा म्हणाला.

मी वही आणून आबांपुढं धरली. ते म्हणाले, "मला काय दाखवतीस? वाच."

मी वाचलं. "राक्षस झोपला आहे. हळू चाला."

"राक्षस कोण?"

मामीने पदराचा बोळा तोंडात कोंबला. झाडाखाली आबांची बाज होती, मधोमध खोलगट झालेली.

"मी घोरतो व्हय?" आबांनी लाकूडतोड्याला विचारलं, कारण तो घरचा नव्हता.

"पार कॅनॉलपातूर ऐकू येतं, आबा," तो म्हणाला आणि करवत परत गुंडाळायला लागला.

तात्या वही चाळत होते. "पर गोलात फुली म्हंजे हीरच असती," ते म्हणाले. "पोरीचं हितं चुकलंय."

लाकूडतोड्या चहा पिऊन गेला. झाड राहिलं, पण राज्य बुडालं म्हणून मी दुपारी जेवले नाही. ओसरीत खांबाआड बसून राहिले. चिंचेखाली आबा घोरायला लागले होते.

मामा रस्त्याने सायकलवरून आला. चिंचेपाशी उतरला, खुणेकडं बघितलं, चपला काढून हातात घेतल्या आणि सायकल ढकलत चवड्यांवर चालत गेला. त्याच्यामागून तात्या आले. तेही थांबले. मग जोडे काखेत मारून, धोतर वर धरून, कोंबडीच्या पायांना जरा वळसाच घालून, ते हळूहळू पलीकडं गेले.