फळ्यांखालचा पार्ट

"जहाज बुडालं" असं कोणी म्हटलं की आमचे बोटमास्तर चिडत. "जहाजाले काय होते? आत कोण होते, थे सांग." आमच्या एकोडी गावाहून समुद्र शेकडो कोस लांब, मास्तरांनी तो कधी पाहिला नव्हता. पण महायुद्धांतल्या मोठमोठ्या युद्धनौकांविषयी जुन्या मासिकांत सापडेल ते वाचत आणि वाचून संतापत. "तोफांची लांबी छापतेत. भट्टीत कोळसा टाकणाऱ्याचं नाव नाही छापत."

शाळेशी त्यांचा संबंध नव्हता. मंडईच्या, म्हणजे दिवाळीनंतरच्या गावजत्रेच्या, नाटकाची तालीम घेत, म्हणून मास्तर. जिल्हा फुटून गोंदिया वेगळं झालं, त्यानंतरची ती वर्षं. मी नववीतून शाळा सोडलेली, चार माणसांत तोंड उघडायची भीती. मास्तरांनी स्वतः लिहिलेल्या युद्धनौकेच्या नाटकात मला कोळसेवाल्याचा पार्ट दिला. गाव त्या नाटकाला 'डोंगा'च म्हणे. नदीवरच्या नावेपलीकडे आम्ही काय पाहिलं होतं? धान साठवायच्या उंच ढोल्या उभ्या करून आम्ही जहाजाची धुराडी केली. गोळा लागतो, जहाज वाचवायला कप्तान तळाचं दार बंद करवतो, आणि आत अडकलेला कोळसेवाला शेवटचं बोलतो. मी बोलायचं ते स्टेजच्या फळ्यांखालून, नुसत्या आवाजात.

"तुले कोणी पाहून नाही राहिलं, मंग भेतं कायले?" मास्तर म्हणायचे.

नाटक मंडळाच्या अध्यक्षांना सगळे भाऊसाहेब म्हणत. त्यांचा मुलगा नाटकात कप्तान होता. तालमीत ते म्हणाले, "मास्तर, जो दिसतच नाही त्याले पार्ट कायले? तिथं लावणी टाका."

"थो दिसत नाही, हेच त नाटक आहे, भाऊसाहेब."

"डोंगा कप्तानाचा रायते मास्तर, कोळसेवाल्याचा नाही."

सगळे हसले. मास्तर हसले नाहीत आणि पार्टही काढला नाही.

मग प्रयोगाच्या दिवशी भाऊसाहेबांनी विचारलंसुद्धा नाही. दार बंद झालं, माझ्यापुढचा माइक कोणीतरी ओढून नेला आणि वर लावणी सुरू झाली. इतक्या वर्षांनीही ते आठवलं की माझं अंग तापतं. मास्तर वाकून फळ्यांखाली आले आणि दोन्ही मुठींनी वरच्या फळ्या ठोकू लागले. मीही ठोकल्या. नाचणारी बाई थांबली. खाली बसून फटीशी तोंड नेत तिनं विचारलं, "कोन हाये खाली?"

पेटी बंद पडली. मास्तर माझ्या कानाशी म्हणाले, "विचारून राहिली ना तुले. सांग."

मी सांगितलं, शेवटच्या वाक्यापर्यंत.

पुढच्या मंडईला मास्तरांना बोलावलं नाही. त्यानंतरही कधी नाही. ज्यानं अर्ध्या गावाला स्टेजवर उभं राहायला शिकवलं, त्यानं मंडपाबाहेर उभं राहून नाटक पाहायचं, याला काय म्हणावं? मी मात्र त्यांच्यामुळेच सुरतच्या गिरणीत येऊन, कापत का होईना, स्वतःसाठी काम मागू शकलो.

मागच्या महिन्यात मास्तर गेले. शोकसभेतलं भाषण गावच्या पोरांनी मोबाइलवर पाठवलं. भाऊसाहेबांनी मास्तरांच्या एकेका नाटकाचं नाव घेतलं. तेवढं एक वगळून.

मी फोन लावला. "भाऊसाहेब, एक नाटक राहिलं."

"कोणतं? थे डोंग्याचं? थे कुठं नाटक होतं, गोंधळ होता नुसता. तू कोण बोलून राहिला बे?"

मी माझं पूर्ण नाव सांगितलं. त्यांनी फोन ठेवला.

मी पुन्हा लावला.