सुगंधा नावाचा तारा नव्हता

दामू गेल्याची बातमी घेऊन जो माणूस आला, त्याच्या कानात अत्तराचा फाया होता. मी त्याला उंबऱ्याबाहेरच उभं केलं आणि आधी तो फाया काढायला लावला. तो बिचारा गोंधळला. त्याला काय ठाऊक, की त्याच फायाशी भांडता भांडता माझा मित्र मेला... काही आठवडे उलटले तरी माझा राग उतरत नाही, आणि तो उतरावा असं मला वाटतही नाही.

दामोदर गद्रे आणि मी गिरगावातल्या एकाच शाळेत मास्तर. मी मराठी शिकवी, तो पदार्थविज्ञान. अवघड गोष्ट सोपी करून सांगण्याची त्याला फार हौस. एकदा ठाकुरद्वारला कुणाच्या तरी दिवाणखान्यात त्याचं व्याख्यान झालं. "समजा, आकाशात एक सुवासिक तारा आहे," तो म्हणाला. "त्याचं नाव ठेवू सुगंधा. केवड्यासारखा घमघमाट. तो आपल्याला दिसेल का? दिसेल. त्याचा वास येईल का? कधीच नाही. वास हवेवर बसून येतो, आणि इतक्या वाटेत हवाच नाही." टाळ्या पडल्या. पहिल्या रांगेत नानासाहेब बसले होते. भुलेश्वरला त्यांची अत्तराची पेढी, आणि आमच्या शाळेच्या मंडळातही त्यांचाच शब्द चाले. त्यांनी व्याख्यानाचा अर्धा भाग तेवढा घरी नेला.

दिवाळीला 'सुगंधा अत्तर' बाजारात आलं. बाटलीवर छापलं होतं, 'विद्वान मास्तरांनी सांगितलेल्या ताऱ्याचा परिमळ'. बायका गच्चीवर जाऊन एकमेकींना तो तारा दाखवू लागल्या. प्रत्येक घरचा तारा निराळा. कुणा शास्त्रीबोवांनी तो आपल्या पूर्वजांना ठाऊक होता असं सांगितलं. एका वकिलानं वर्तमानपत्रात लिहिलं, की पाश्चात्त्यांचं विज्ञान आता कुठे आपल्यापाशी पोचतंय. वकिलानं, बरं का! दामू आधी पोट धरून हसला. मग एक दिवस मला घेऊन तडक पेढीवर गेला.

"नानासाहेब, असा तारा नाही."

"तुम्हीच सांगितलात ना मास्तर?"

"मी 'समजा' म्हटलं होतं."

"मग लोक समजले की," असं म्हणून नानासाहेबांनी त्याच्या मनगटाला अत्तर लावलं. दामूनं तिथेच धोतराच्या सोग्यानं मनगट खसाखसा पुसलं. दुसऱ्या दिवशी मुख्याध्यापकांनी त्याला बोलावून गप्प राहायला सांगितलं.

तो गप्प राहिलाही असता. पण शहरात गाठीचा ताप, म्हणजे प्लेग आला. रोग घाणीच्या वासातून येतो, म्हणजे सुवासानं तो पळणार, असं पेढीची माणसं चाळीचाळीतून सांगत फिरू लागली. शाळा बंद होत्या. दामू रोज लालबाग-परळकडे पायी जाई आणि दारोदार एकच सांगे, खोलीत उंदीर मरून पडला की खोली सोडा. मी कधी बरोबर असे, कधी नसे.

गिरणीत कामाला असलेल्या परबाच्या दारात मी होतो. त्याच्या खोलीत सकाळीच उंदीर मेला होता. दार-खिडक्या लावून सगळं कुटुंब आत बसलेलं, भिंतींना अत्तर फासलेलं.

"मास्तरानू, ताऱ्याचो वास घरात आसा," परब आतूनच म्हणाला. "आता रोग खंयसून येतलो?"

"अरे, तो तारा मीच रचला रे! खोटा आहे तो!" दामू ओरडला. त्याचा आवाज फाटला होता.

परबानं दार किलकिलं केलं. त्याची धाकटी पोर तापानं फणफणत होती. दामूनं तिला खांद्यावर टाकलं आणि इस्पितळाची वाट धरली. पोर वाचली नाही. चार-पाच दिवसांत दामूलाही गाठ आली...

आणि मग शोकसभा. अध्यक्ष नानासाहेब! "सुगंधा ताऱ्याचा शोध लावणारे थोर विद्वान," असं ते सद्गदित होऊन बोलले, आणि दारातल्या गड्यानं येणाऱ्या-जाणाऱ्यावर तेच अत्तर शिंपडलं. मी उभा राहून ओरडलो, "असा तारा नाही! तो नाही हे सांगत सांगत दामू मेला!" दोघांनी मला दंडाला धरून बाहेर नेलं. दुःखानं भान सुटलंय म्हणाले. सभेत पदवीधर होते, डॉक्टर होते, तो वकील होता. एकानंही मान वर केली नाही.

परवा फणसवाडीत दामूच्या घरी वहिनींना भेटायला गेलो. खिडकीशी दामूची लहानशी पितळी दुर्बीण होती. दिवेलागणीच्या आधी ती मऊ फडक्यानं पुसायची त्याची सवय; आता वहिनी पुसत होत्या.

"भाऊजी, नानासाहेबांचा माणूस आला होता," त्या म्हणाल्या. "सुगंधा तारा जिच्यातून दिसला ती दुर्बीण पेढीवर काचेच्या कपाटात ठेवायची म्हणे."

"मग? तुम्ही काय सांगितलंत?"

वहिनींनी काचेवर फुंकर घातली, पुन्हा फडकं फिरवलं.

"म्हटलं, तुमच्या कामाची नाही ही. हिच्यातून जे आहे तेवढंच दिसतं."