कोयता उगारलेला फोटो

येरमाळ्याला एसटी पंक्चर झाली, तरी मी खुशीतच होतो. मांडीवर भाड्यानं आणलेला सिनेमाचा कॅमेरा होता आणि गुन्ह्यांवर माहितीपट काढणारे पत्रकार आपणच, ही हवा डोक्यात. तिथल्या देवीच्या दर्शनाला आलेल्या बायकांना मी न विचारताच टिपून घेतलं.

ढोकीला पोचेपर्यंत दुपार झाली. कारखान्याच्या फाटकाबाहेर उसाच्या गाड्यांची रांग लागलेली, मळीचा वास नाकात बसलेला. दोन वर्षांपूर्वी इथल्याच एका फडात (उसाच्या शेतात) खून झाला होता आणि त्याची हकीकत मी आमच्या मासिकात लिहिली होती. प्रेत पहिल्यांदा पाहिलं ते ऊसतोड करणाऱ्या शेषेरावांनी. आता त्यांना कॅमेऱ्यासमोर बोलतं करायचं होतं.

हॉटेलात भजी खाताना मी त्यांचं घर विचारलं.

"त्यो खुनी व्हय?" मालक सहज म्हणाला.

"खुन्याला जन्मठेप झाली. हे साक्षीदार."

"पर फोटू त्याचाच आला हुता की पुस्तकात. कोयता उगारलेला."

मी हातातलं भजं बशीत ठेवलं. तो फोटो मीच काढलेला. खून कसा झाला ते वाचकाला दिसावं म्हणून आम्ही गावातल्या कुणाला तरी तसं उभं करायचो, धंद्यातली रीतच होती ती. शेषेरावांना मीच म्हटलं होतं, "कोयता जरा वर धरा." खाली 'प्रात्यक्षिक' एवढा एक शब्द लिहायला मी घाईत विसरलो.

तोडणीचा हंगाम भरात होता आणि शेषेराव घरी बसले होते. मला ओळखून त्यांनी बाज टाकली. त्यांच्या बायकोनं, शेवंताबाईंनी, भाकरी आणि हुलग्याचं कोरड्यास (पातळ कालवण) वाढलं. मला मान वर करवेना.

"दोन हंगाम झाले, मुकादम टोळीत घेत न्हाय," शेषेराव म्हणाले. "माझ्या हातात कोयता बघून बायामाणसं भेत्यात म्हणं. दुष्काळात खडी फोडली, तवाबी इतकं जड गेलं न्हाय."

मी माफी मागितली.

"ते ऱ्हाऊ द्या. आता बिगर कोयत्याचा एक फोटू काढा. त्याच पुस्तकात छापा, ह्यानं काय केलं न्हाय म्हून. मुकादमाला दावतो."

त्यांनी धुतलेला सदरा घातला. हात कुठं ठेवावेत ते त्यांना कळेना. मी साध्या कॅमेऱ्यानं फोटो काढला. सिनेमाचा कॅमेरा पिशवीबाहेर काढायची लाज वाटली.

पुण्यात संपादकांनी फोटो पाहून परत सरकवला. "यात गुन्हा कुठं आहे?" मी भांडलो नाही. माझ्या माहितीपटाचा खर्च तेच करणार होते. शेषेरावांना मात्र कार्ड टाकलं, फोटो पुढच्या अंकात येतोय म्हणून.

पुढे मी बरेच माहितीपट केले, हारतुरे घेतले, खऱ्याची चाड या विषयावर भाषणंही ठोकली. ढोकीला पुन्हा जायचं धाडस झालं नाही.

त्या कार्डाला महिन्याभरात उत्तर आलं होतं, कुणाकडून तरी लिहून घेतलेलं. "मुकादमाला तुमचं कार्ड दावलं. अंक यीस्तोवर माझी जागा ठेवतो म्हणाला."

मी उत्तर दिलं नाही.