गाऱ्हाण्याला हो म्हणणारे

भुताखेतांवर माझा विश्वास नाही. बिल्डरच्या आश्वासनांवरही नाही. त्यामुळे पुढे जे सांगतेय ते मी कानांनी ऐकलं म्हणून सांगतेय, पटलं म्हणून नव्हे. मी पद्मजा. म्युनिसिपालिटीच्या शाळेत जन्मभर मुलांना शास्त्र शिकवलं, आणि लालबागच्या या चाळीत लवूतात्यांच्या समोरच्या खोलीत संसार केला.

तात्यांची खोली म्हणायची फक्त सवय. ती खोली त्यांची नाही. कोकणातल्या आंबेखोल गावानं मंडळ काढून ती मिलच्या भरभराटीत घेतली आणि गावातला जो कुणी पोटासाठी मुंबईत येईल तो तिथे पथारी टाकू लागला. एक पाळी सुटून यायची, दुसरी जायची. चटई गार होत नसे. बायकापोरं गावाला, ट्रंका माळ्यावर आणि कोनाड्यात ग्रामदेवतेची तसबीर. मी दादरच्या शांत घरातून लग्न होऊन इथे आले तेव्हा दिवेलागणीला या लोकांचा जो गलका व्हायचा, त्यानं माझं डोकं उठायचं. एकजण देवासमोर उभा राहून गाऱ्हाणं घालायचा आणि त्याच्या प्रत्येक वाक्याला बाकीचे सगळे एका दमात ओरडायचे, ‘व्हय म्हाराजा!’ माझ्या फळीवरच्या कपबश्या खुळखुळायच्या. गाऱ्हाण्याची रीत अशी की मागणारा काहीही मागो, ऐकणाऱ्यांनी हो म्हणायचं. नाही म्हणायची सोयच नाही.

गिरणी बंद पडली. कुणी गावाला परतले, कुणी इथेच वारले. तात्या राहिले. ते साच्यावरचे, म्हणजे मागावरचे, कामगार. पुढे त्याच गिरणीच्या जागेवर टॉवर उभा राहिला, तिथे रात्रपाळीचे वॉचमन झाले. पोटासाठी माणूस काय काय करतो. त्या टॉवरमधली बरीचशी घरं बंद. मालक दुबईला, सिंगापूरला, लंडनला. लोक सोनं घेऊन लॉकरमध्ये टाकतात तशी घेऊन ठेवलेली. संध्याकाळ झाली की तिथले दिवे आपोआप लागतात, पडदे आपोआप सरकतात. तात्या म्हणायचे, “बाई, थय मानूस नाय आणि दिवे लागतत.” त्या घरांना मात्र रिकामी म्हणायची कुणाची छाती नाही.

आंबेखोलच्या खोलीला अजून काम होतं. गावात कुणाला मोठं दुखणं निघालं की परळच्या इस्पितळांत यावं लागतं, आणि रेडिएशनचे शेक घ्यायचे तर महिनोन् महिने राहावं लागतं. एवढे दिवस या शहरात गरिबाला कोण ठेवून घेणार? ते या खोलीत राहायचे. सकाळी नळावर त्यांच्या बायका मला सांगायच्या, “तात्या देवमाणूस हां. रातभर उशाक बसून होते. पाणी दिल्यानी, चादर सारखी केल्यानी.” मी मान डोलवायची. तात्या तर रात्रभर टॉवरच्या गेटवर ड्युटीला असायचे. पहिल्यांदा मी म्हटलं, जागरणानं भास होतात. पण दुसऱ्या बाईनं सांगितलं, मग तिसरीनं. त्या तिसरीला मी न राहवून विचारलं, “तोंड पाहिलंस का त्यांचं?” ती म्हणाली, “काळोख होतो. पण हाताक मशीनच्या तेलाचो वास होतो.”

तात्यांनी मशीनला हात लावून जमाना झाला होता. त्या दिवशी मी दाराच्या दोन्ही कड्या लावल्या, आणि स्वतःवरच चिडले.

पुढे वयामुळे तात्यांची वॉचमनकी सुटली. आजारी माणसं येत-जात राहिली. ती नसली की तात्या एकटे. पण दिवेलागणीचं गाऱ्हाणं चुकलं नाही. एक वाक्य म्हणायचे आणि थांबायचे. जेवढ्या वेळात पूर्वी उत्तर यायचं, बरोबर तेवढं थांबायचे. मग पुढचं वाक्य. खरं सांगते, त्या जुन्या गलक्यापेक्षा हे थांबणं मला जास्त असह्य व्हायचं. मी रेडिओ मोठा करायची.

मग आमच्या चाळीच्या पुनर्विकासाचं घोडं एकदाचं पुढे सरकलं. कंपनीच्या माणसानं सभेत सांगितलं की सर्व्हे होईल, जिथे कुणी राहत नाही ती खोली रिकामी धरली जाईल, आणि गावाच्या नावाची खोली ही भानगड नव्या इमारतीत बसवणं कठीण जाईल. तात्यांचा पुतण्या निलेश दुसऱ्याच दिवशी धावत आला. दिवा स्टेशनजवळ भाड्याच्या खोलीत दोन पोरं घेऊन राहतो बिचारा.

“तात्या, सरळ सांगा ना, मी एकटाच राहतो, खोली माझी आहे. विषय एंड. मंडळातलं कोण उरलंय? कोण विचारणार?”

मला त्याचा राग आला, पण त्याचं तरी काय चुकत होतं? तात्यांना गावाला घर नाही. भावांच्या वाटण्यांत त्यांचा वाटा गिळला गेला. ही खोली गेली तर म्हातारा रस्त्यावर. आणि स्वतःच्या नावावर केली तर मरेपर्यंत हक्काचं छप्पर, मागे निलेशला घर. फक्त आंबेखोलच्या आजाऱ्यांना मुंबईत पाठ टेकायला जागा उरणार नव्हती. तात्या दोन दिवस जेवले नाहीत. मग निलेशला म्हणाले, “बरां, सांगतंय तसा.”

सर्व्हेला अनुजा नावाची मुलगी आली. हसरी, कामाला चोख, हातात टॅब. खोल्या करत करत ती आमच्या टोकाला पोचेपर्यंत टॉवरची सावली चाळीवर पसरून अंधारून आलं होतं. शेजारी म्हणून मीही उंबऱ्याशी उभी राहिले. तिनं टॅब उभा धरला आणि म्हणाली, “काका, व्हिडिओ चालू करते हां. नाव सांगा, आणि खोलीत कोण कोण राहतं ते.”

“दोन मिनिटां थांब गो, बाय. दिवो लावतंय.”

तिनं टॅब तसाच धरून ठेवला. तात्यांनी निरांजन लावलं, टोपी नीट केली, हात जोडले.

“आंबेखोलच्या देवा म्हाराजा! तुझो लवू तुझ्या म्होर उभो आसा.”

थांबले. निलेश चुळबुळला.

“आतापर्यंत ही खोली सगळ्यांची होती. आजपासून ती माझ्या एकट्याच्या नावार करतंय. तेका मान्यता दी रे म्हाराजा!”

“व्हय म्हाराजा!”

मी निलेशकडे पाहिलं. त्याचं तोंड मिटलेलं होतं. अनुजा वळून माझ्या मागे पॅसेजमध्ये बघत होती. पॅसेजमध्ये कुणी नव्हतं.

तात्यांनी तरी रेटलं. “जे हंय ऱ्हवले, जे हंयच मेले, तेंचो हक्क आज सुटलो, असा समज रे म्हाराजा!”

“व्हय म्हाराजा!”

या वेळी माझ्या खोलीत कपबश्या वाजल्या. पुरुषांचे आवाज, जाडे, बारीक, एक खोकून म्हणणारा. माझ्या अंगावर सरसरून काटा आला, आणि तरी सांगते, त्या आवाजांत राग नव्हता. घरच्या लग्नात देणंघेणं ठरल्यावर चार वडीलधाऱ्यांनी खुशीनं रुकार द्यावा, तसे ते म्हणाले. म्हातारा त्यांना त्यांच्याच खोलीतून बाहेर काढत होता आणि ते हो म्हणत होते.

तात्या देवासमोर खालीच बसले आणि हमसून हमसून रडायला लागले.

अनुजानं टॅब पुन्हा त्यांच्याकडे वळवला. “काका... एकटेच राहता ना?”

“नाय,” तात्यांनी डोळे पुसले. “खोली गावाची आसा. मी नुसतो राखणदार. तसाच लिव.”

“तात्या, येडे झालात काय!” निलेश ओरडला, पण खोलीत पाऊल टाकायची त्याची हिंमत झाली नाही. बाहेरच्या बाहेर निघून गेला. अनुजानं काय लिहायचं ते लिहिलं, सही घेतली. जाताना माझ्या कानाशी येऊन म्हणाली, “मॅडम, बाकीचे सगळे कुठे बसले होते?” मी तिला पाणी दिलं.

आता कंपनीशी भांडण चालू आहे. गावाच्या नावानं जागा देतील, न देतील. तात्या त्यात निराधार होतील ही भीती मला आहेच. सर्व्हेच्या रात्री मी त्यांना चहा नेऊन दिला आणि जरा तडकूनच विचारलं, “अहो, ते हो म्हणाले ना? मग कशाला मोडता घातलात?”

तात्या कप हातात धरून बसले. “बाई, तेंनी नाय म्हटला असता, तर भांडून सही करून मोकळो झालो असतंय. तेंनी हो म्हटला. माका लाज वाटली.”

मी शास्त्राची मास्तरीण, पण तेव्हा माझ्याही डोळ्यांत पाणी आलं.

परवा दुपारी आंबेखोलहून एक जोडपं आलं. नवऱ्याच्या गळ्याला पट्टी, बायकोच्या काखेत पिशवी. उंबऱ्यातूनच तिनं विचारलं, “तात्यानू, जागा आसा?” तात्या मागे वळले आणि रिकाम्या खोलीला म्हणाले, “सरा रे वायच. मानूस आजारी आसा.”

मला वाटलं, ती पोर हसेल नाही तर घाबरेल. तिनं नवऱ्याला हाताला धरून आत नेलं, टेकवलं, आणि समोर सगळी मोकळी फरशी पडलेली असताना स्वतः भिंतीला लागून अंग चोरून बसली.