उलटतपासणी सर

सरांना कोणी एखादी गोष्ट सांगितली, की ते आधी मनापासून दाद द्यायचे आणि मग हळूच विचारायचे, "तुमचं गावात कोणाशी पटत नाही?" सांगणारा बावचळून जायचा. पण सरांची रीतच तशी होती. एकमेकांशी अबोला धरलेल्या दोघांनी तीच गोष्ट सांगितली तर ती खरी, नुसत्या मित्रांनी सांगितली तर ते कौतुक. गेवराईत सगळे त्यांना उलटतपासणी सर म्हणत. त्यांना ते आवडायचंही.

आम्ही एकाच शाळेत शिकवलं. निवृत्त झाल्यावर त्यांनी धर्मापुरीच्या एका दिवंगत कवीचं चरित्र लिहायला घेतलं. हयातीत त्या कवीला कोणी विचारलं नाही. गेल्यावर मात्र सगळा जिल्हा त्याचा जिवलग निघाला. माझ्या स्कूटरवर मागे बसून सर गावोगाव हिंडायचे. चकलांब्याचे एक आजोबा वैतागून म्हणाले, "कावून एवढं खोदून इचारता, सर? मानूस तर गेला."

"गेला म्हणूनच," सर म्हणाले. "आता त्याला स्वतःला 'हे खोटं आहे' म्हणता येत नाही."

त्या कवीची एक गोष्ट पोराटोरांनाही ठाऊक होती. भर सभेत मंत्री कविता ऐकायला बसलेले आणि कवी ताडकन उठून निघून गेला! सर वर्गात ही गोष्ट मूठ आवळून सांगायचे. चरित्राचं सगळ्यात रंगलेलं प्रकरण तेच होतं.

सिरसाळ्याला कवीच्या बायकोने त्यातली हवाच काढली. "आवो, कशाचा बाना! सकाळपासून ताप व्हता. उभं ऱ्हाता येईना, म्हून मीच हाताला धरून घरी आणलं. लई वाईट वाटलं त्यांना. कविता पाठ केलती की!" तिचं ज्यांच्याशी बोलणं नव्हतं, त्या दिरानेही तेच सांगितलं.

सरांनी प्रकरण काढून टाकलं. पुस्तक छापणारी स्मारक समिती भडकली, "तेवढं ठेवा, नाहीतर दुसरीकडे जा." मीसुद्धा गळ घातली. माझा जीव तुटत होता. त्या पुस्तकापायी त्यांनी डोळे खराब करून घेतले होते.

"बाई, तापाने फणफणलेला असताना तो कविता म्हणायला गेला," सर म्हणाले. "मला तो असाच जास्त आवडतो."

पुस्तक शेवटी त्यांनी स्वतःच छापलं. फार कोणी वाचलं नाही. इतका सरळ माणूस मी दुसरा पाहिला नाही.

गेल्या वर्षी सर गेले. शोकसभेत एक वक्ते गहिवरून म्हणाले, "सरांनी मोठा पुरस्कार बाणेदारपणे नाकारला!" लोकांनी डोळे पुसले. मी उठले.

"पुरस्कार त्यांना कोणी दिलाच नव्हता," मी म्हणाले. "दिला असता तर त्यांनी आनंदाने घेतला असता."

सगळे माझ्याकडे रागाने बघू लागले. तेवढ्यात पुढे बसलेल्या सरांच्या बायकोने मान वर केली.

"खरं हाय," त्या म्हणाल्या. "कधी मिळालाच तर घालायला म्हून सदऱ्याचं कापड आणून ठेवलं व्हतं त्यांनी. आजून कपाटात हाय."