जेनेट पर्डीचं उखळ

बकआय ओढ्याच्या वरच्या अंगाला जेनेट पर्डीचं घर होतं. ओंडक्यांचं, एका खोलीचं, रानाकडे तोंड करून बसलेलं. दारासमोर ओकचा कमरेएवढा बुंधा होता. झाड तोडलं तेव्हा बुंधा मुळासकट तसाच राहू दिला, आणि त्यावर निखारे ठेवून ठेवून त्याला पोट पाडलं. ते तिचं उखळ. वर हिकरीचं एक लवचिक खोड आडवं वाकवून त्याला दोरानं मुसळ टांगलेलं. मुसळ खाली ओढलं की मका कुटायचं, सोडलं की खोड त्याला आपणहून वर खेचून घ्यायचं. सकाळी धुकं असलं की ते घर आम्हाला दिसायचं नाही, पण मुसळ ऐकू यायचं. धप्प. मग थोडा वेळ काही नाही. मग पुन्हा धप्प. खालच्या अंगाला राहणारे आम्ही म्हणायचो, जेनेट उठली.

केंटकीच्या त्या रानात शॉनी जमातीचे लोक पिढ्यानपिढ्या शिकार करत आलेले. आम्ही तिथं झाडं पाडून मका लावला तो काही त्यांना विचारून नाही. त्यामुळे रानातून हाक आली, तर ती कुणाची आणि कशासाठी, हे पाहिल्याशिवाय आमच्याकडे कुणी मान वळवत नसे.

जेनेटचा नवरा ॲब्सलम यानं वळवली. ओढ्यापलीकडून त्याला कुणीतरी हाक मारली, त्याच्या नावानं, आमच्याच भाषेत. तो "आलो" म्हणाला, कुऱ्हाड बुंध्याला टेकवली आणि पाण्यात उतरला. जेनेट दारात उभी होती. पलीकडे दबा धरून बसलेल्यांनी त्याला पाण्यातच मारलं, ते तिनं सगळं पाहिलं.

त्याला पुरलं त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मुसळ वाजलं. माझी आई हेप्सी तिच्या सोबतीला जाऊन राहिली होती. परत आल्यावर म्हणाली, "जेवते, झोपते, विचारलं तर बोलते. पण आत कुणी नाही."

घरात मागे राहिली ती मुलगी, केझाया. केझी म्हणायचे तिला. जेनेटनं तिला एक गोष्ट शिकवायला घेतली आणि आमच्यापैकी कुणालाही त्याचा पत्ता लागू दिला नाही. फार पुढे, म्हातारपणी, तिनं ती मला पहिल्यापासून सविस्तर सांगितली, अगदी मक्याचा भाव सांगावा तशी.

"हाक आली तर?" ती विचारायची.

"लपायचं," केझी म्हणायची.

"ओ द्यायची?"

"नाही."

"तुझ्या नावानं मारली तर?"

"तरी नाही."

"मी मारली तर?"

यावर पोर तिच्या तोंडाकडे बघू लागली.

"माझ्या पाठीला कुणी सुरा लावला असेल, तर माझा आवाजही माझा नसतो. मी मारली तरी नाही. मग बाहेर कधी यायचं?"

"मुसळ वाजलं की."

सुरा लावून कुणी बाईला मका कुटायला लावत नाही, असा तिचा हिशेब. आणि हे नुसतं घोकून घेतलं नाही. केझीला रानाच्या कडेला लपवायची आणि हाका मारायची. गोड आवाजात, रागावून, विव्हळून. एकदा विव्हळणं ऐकून पोर धावत आली, तर पाठीत धपाटा घालून तिला परत लपायला पाठवलं. शेवटी पोर इतकी पक्की झाली, की आई चार हातांच्या अंतरावर येऊन "केझी, मला लागलंय गं" म्हणाली तरी पान हलायचं नाही. मग जेनेट घरी यायची, मका कुटायला लागायची, आणि थोड्या वेळानं पोर येऊन शेजारी उभी राहायची.

मग एका वसंतात, केझी सात वर्षांची असताना, गाय आणायला म्हणून संध्याकाळी गेली. गाय गळ्यातली घंटा वाजवत घरी आली. केझी आली नाही.

आम्ही सगळे जमलो. म्होरक्या मिकाजा स्ट्राउड. माणूस मोठा, दाढी मोठी, आवाज त्याहून मोठा. कळकांच्या बनातून, दऱ्यांतून आम्ही नुसता गोंगाट उठवला. शिंगं फुंकली, बंदुका उडवल्या, कुत्री सोडली. जेनेट आमच्याबरोबर चालत होती आणि तीही हाका मारत होती. "केझी... केझी..." एका सुरात, जणू कोंबड्यांना बोलवावं तसं. रात्री पाऊस झाला आणि कुत्र्यांचा माग गेला. तिसऱ्या दिवशी माणसं एकमेकांकडे बघेनाशी झाली. ओढ्याच्या डोहात बांबू घालून पाहावं का, असं कुणीतरी हळूच म्हणालं.

त्या दिवशी दुपारी स्ट्राउड जेनेटच्या दारात आला. हातात रानकांद्याचे दोन देठ.

"ताई," तो म्हणाला, "वरच्या पडलेल्या सिकॅमोरच्या झाडाखाली पानं दबलीत. कुणीतरी तिथं झोपलेलं. हे देठ बघ, दातांच्या खुणा. अजून ओले आहेत."

"मग ती जिवंत आहे," माझी आई म्हणाली.

"तेच कळत नाही ना, हेप्सी मावशी! त्याच झाडावर पाय देऊन मी काल घसा फाडून ओरडलो. आज सकाळी पुन्हा ओरडलो. बहिरी झाली का पोर?"

"तुझा आवाज ऐकून मेलेला माणूस उठेल, मिकाजा," आई म्हणाली, "पण तुझ्याकडे यायचा नाही. उलटा पळेल."

एकदोघं हसले. जेनेट हसली नाही. तिनं देठ हातात घेतले, नाकाशी नेले आणि खाली ठेवले.

"ती ऐकते आहे," ती म्हणाली. "तुम्ही ओरडता म्हणून लपते आहे. मला वाटलं तिला कुणी उचलून नेलं, म्हणून मीही ओरडले."

मग तिनं आम्हाला तो नियम सांगितला. सांगताना ती कुणाच्या तोंडाकडे बघत नव्हती.

"अगं बाई," स्ट्राउड म्हणाला, "पोरीला असं कुणी शिकवतं?"

"जगावी म्हणून शिकवलं."

"आणि आता?"

"आता सगळे इथं बसा. कुत्री घरात कोंडा. कुणी खोकायचं नाही. मी मका कुटते." तिनं उखळात पाहिलं. "माझ्याकडे मका नाही. होता तो पेरला."

"मग नुसतंच आपट की मुसळ."

"रिकाम्या उखळाचा आवाज कोरडा येतो. तिला कळतं ते. तुमच्या पिशव्यांतला भाजलेला मका लागेल. सगळा."

शोधाला निघालेल्या माणसाच्या कमरेला भाजलेल्या मक्याची पिशवी असते, आणि तीच त्याची शिदोरी. ती रिकामी झाली की शोध संपला. पुन्हा मका गोळा करून निघायला दिवस मोडणार. स्ट्राउडनं तसं बोलून दाखवलं.

"ताई, पोर तिथून पुढे गेली असली, आणि हा आवाज तिथवर पोचला नाही, तर आजचा दिवस आपण बसून घालवला असं होईल. पोरीच्या अंगात अजून किती दिवस उरलेत?"

"माहीत नाही."

"मग?"

"तू ओरडलास तर ती येणार नाही, एवढं माहीत आहे."

स्ट्राउडनं रानाकडे पाहिलं. मग त्यानं कमरेची पिशवी सोडली आणि उखळात उलटी केली. त्यामागून आम्ही. माझ्या पिशवीत पसाभर मका होता. तोही गेला.

मुसळ सुरू झालं. धप्प. आम्ही भिंतीला टेकून बसलो. ऊन ओक झाडांवरून सरकत गेलं. मक्याचा चुरा झाला, चुऱ्याचं पीठ होऊ लागलं, तशी ती मुसळ हळू ओढू लागली, मका पुरावा म्हणून. तिच्या तळव्यांतून रक्त येऊन दोर काळा पडला. माझी आई उठून पुढे झाली, तर जेनेटनं मानेनंच नको म्हटलं. आईच्या हाताची लय वेगळी.

ऊन उतरलं तेव्हा कळकांच्या बनाच्या कडेला केझी दिसली. फ्रॉकच्या चिंध्या, पाय काळे. ती आम्हाला बघून थबकली. इतके पुरुष, आणि सगळे गप्प.

स्ट्राउडनं तोंडावर हात दाबून धरला. जेनेटनं वर पाहिलं नाही. तिला दिसलं होतं, हे आम्हाला माहीत होतं. पण थांबलं तर पोर परत रानात जाणार, आणि हाक तर मारायचीच नव्हती. ती कुटत राहिली. पोर एक पाऊल टाकायची, थांबायची, ऐकायची. ती मोकळी जागा ओलांडायला तिला एवढा वेळ लागला, की माझ्या मांडीवर बसलेली माशी मी हाकलली नाही हे मला नंतर आठवलं.

ती उखळापाशी आली आणि सवयीनं आईच्या शेजारी उभी राहिली. मग तिनं उखळात हात घातला. मुसळ वर होतं. जेनेटनं ते तिथंच धरलं. पोरीनं मूठभर पीठ तोंडात कोंबलं आणि चावत राहिली.

"गाय आली आपली," जेनेट म्हणाली.

केझीनं मान डोलावली.

एवढंच. स्ट्राउड घरामागे जाऊन रडला, मोठ्यानं, सगळ्या ओढ्याला ऐकू जाईल असा. माझ्या आईनं केझीला धुतलं. जेनेटची बोटं दोरावरून सोडवायला दोघं लागले. मी तिला पुढे कधीतरी विचारलं, पोर दिसली तेव्हा काय वाटलं? तिनं तळवे उलटे करून पाहिले. मग म्हणाली, "हात बधिर झाले होते."

पुढे शॉनी लोक नदीपलीकडे ढकलले गेले, गिरणी आली, रस्ता आला. जेनेटनं केझीला सांगितलं, आता हाकेला ओ देत जा. केझी हो म्हणाली. पण ओ काही देईना. देणार तरी कशी? आईच्या आवाजावरही विश्वास ठेवायचा नाही, हेच तर आईनं शिकवलं होतं. आता नियम उठला, असं सांगणारा आवाजही तोच. तिचं लग्न झालं, नवरा आईच्या घरीच राहायला आला, आणि जेवायला बोलवायचं तर उठून तिच्यापर्यंत चालत जायला शिकला. भला माणूस होता.

जेनेट शेवटी अंथरुणाला खिळली तेव्हा मी भेटायला गेलो होतो. केझी बाहेर कपडे वाळत घालत होती. जेनेटला ती हवी होती. "बोलावू का?" मी विचारलं. तिनं मानेनंच नको म्हटलं, उशाची काठी घेतली आणि जमिनीच्या फळीवर आपटली. धप्प. थोडा वेळ थांबून, पुन्हा धप्प.

केझी दारात येऊन उभी राहिली, हात ओले.

"काय हवंय?"

"काही नाही," जेनेट म्हणाली.

केझी आत आली आणि तिच्या शेजारी उभी राहिली.