पाइप भरलेला आहे असं मानू

माझा आडमुठेपणा विद्यापीठात प्रसिद्ध आहे आणि मला त्याची लाज वगैरे अजिबात वाटत नाही. गणिताच्या विभागात बाई आली की तिला स्वागताला, सूत्रसंचालनाला आणि रांगोळीला जुंपतात. मी पहिल्याच वर्षी सांगून टाकलं, मला रांगोळी येत नाही. येते, चांगली येते. पण सांगितलं.

माझा विषय उपयोजित गणित. शहराच्या पाइपांतून पाणी कसं धावतं, कुठे दाब कमी पडतो, हे समीकरणांत मांडायचं. ज्या पेपरवर मी प्रोफेसर झाले, त्यात सुरुवातीलाच एक वाक्य होतं: आरंभी पाइप पाण्याने पूर्ण भरलेला आहे असं मानू. आम्ही गणितवाले रोज काही ना काही मानतो, त्याशिवाय पुढे सरकताच येत नाही. वर्षानुवर्षं त्या वाक्याला कुणी हूं की चूं केलं नाही.

मग जवळच्या महू छावणीतली एक मुलगी माझ्याकडे पीएचडीला आली. आजोबा फौजेत होते, आई शाळेत शिकवते. बोलायची कमी, पण पेन हातात आलं की कुणाच्या बापाला ऐकायची नाही. एका दुपारी माझा तो पेपर तिनं टेबलावर ठेवला.

"मॅडम, आमच्याकडे नळ एक दिवसाआड येतो. आला की आधी नुसती हवा सुटते, पाणी नंतर. म्हणजे पाइप रिकामा असतो."

"मग?"

"मग तुमचा दाब चुकतो. टोकाच्या घरांचा तर खूपच."

मी तिला झापलं. दोन दिवस धड बोलले नाही. तिसऱ्या दिवशी दार लावून स्वतः सगळं करून पाहिलं. पोरगी बरोबर होती. आणि राग कशाचा आला सांगू? शहरातल्या बडा गणपतीच्या देवळाजवळच्या आमच्या दोन खोल्यांतही नळ असाच यायचा. आई आणि बहीण हंडे भरायच्या. मी हुशार, म्हणून मला सूट. मी आत बसून अभ्यास करायचे. नळाशी कधी उभीच राहिले नाही, तर मला ती हवा कुठून ऐकू येणार?

तिनं त्याचं प्रबंधातलं चौथं प्रकरण केलं. आमच्या विभागप्रमुखांनी ते वाचलं आणि मला केबिनमध्ये बोलावलं.

"मॅडमजी, इन्स्पेक्शन सिर पर है. डिपार्टमेंट का सबसे बड़ा पेपर आपका, और आपकी ही स्टुडंट उसे गलत बता रही है? एक चॅप्टर हटा दीजिए, बात खतम."

"नहीं हटेगा."

"नाक आपकी ही कटेगी."

"कटने दीजिए," मी म्हटलं आणि चहा न पिताच उठले.

मग त्यांनी तिला गाठलं. संध्याकाळी ती माझ्याकडे आली, चेहरा उतरलेला. एका कॉलेजात तिची नोकरी पक्की होत होती, पण पदवी याच सत्रात हातात आली तर. चौथं प्रकरण ठेवलं तर प्रमुख प्रबंध अडवून धरणार, हे तिला कळत होतं.

"काढून टाकते ना, मॅडम. घरी सगळे नोकरीची वाट बघतायत."

हट्ट माझा आणि भोगणार ही. मी म्हटलं, "माझ्या हट्टापायी ठेवू नकोस. माझी अब्रू वाचवायला काढूही नकोस. चुकीचं असेल तर काढ."

ती फाइल उचलून गेली. दुसऱ्या दिवशी प्रबंध जसाच्या तसा सहीला आणला. मी सही ठोकली आणि कुलसचिवांच्या टेबलावर स्वतः नेऊन ठेवला. पोच घेतल्याशिवाय तिथून हलले नाही.

तोंडी परीक्षेला हॉल भरला होता. प्रमुख पहिल्या रांगेत. बाहेरून आलेले परीक्षक चौथ्या प्रकरणापाशी थांबले आणि त्यांनी तिला विचारलं, "आपकी गाइड का पेपर गलत है? मॅडम यह मानती हैं?"

सगळ्या माना माझ्याकडे वळल्या. माझं भाषण तयार होतं: चूक माझी, जबाबदारी माझी, हिला शिक्षा नको. मी उठायला लागले.

"सर, मॅडम की राय रहने दीजिए," ती म्हणाली. माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. "समीकरण देखिए." आणि खडू घेऊन फळ्याकडे वळली.

मी मुकाट्यानं खाली बसले. लागलं मला. खोटं कशाला बोलू, चांगलंच लागलं. त्या हॉलमध्ये माझं मत आजवर कुणी असं बाजूला सारलं नव्हतं. तिनं रिकाम्या पाइपपासून सुरुवात केली. थोड्या वेळानं परीक्षकच वही काढून तिच्याबरोबर लिहू लागले. हिची चूक कुठे निघते का म्हणून मीही एकेक ओळ तपासत होते. एकही निघाली नाही. शेवटच्या ओळीपर्यंत माझे डोळे भरून आले होते.

परीक्षकांनी पदवीची शिफारस जाहीर केली. सगळ्यात आधी टाळ्या प्रमुखांनी वाजवल्या. मग परीक्षक माझ्याकडे वळले, "गाइड कुछ कहना चाहेंगी?"

मी भाषण पार विसरून गेले होते.

"मेरा पेपर गलत है," मी म्हटलं. "रिपोर्ट में यही लिखिए."